‘वाया गेला’ म्हणण्याआधी त्याचा चेक निघाला का ते विचारा

१८ ऑगस्ट २०२५ ला अच्युत पोतदार गेले, वयाच्या ९१व्या वर्षी. दुसऱ्या दिवशी सकाळपासून प्रत्येक ग्रुपवर तो ‘थ्री इडियट्स’मधला वर्ग, तो वैतागलेला प्राध्यापक आणि ‘कहना क्या चाहते हो’ फिरत होतं, आणि दुपारनंतर सुरू झाला तो नेहमीचा वाद. एक बाजू म्हणते बघा, एवढा मोठा नट आणि इंडस्ट्रीने एका वाक्यात संपवला, कधी मेन रोल दिला नाही, वाया घालवला माणूस. दुसरी बाजू म्हणते असं काही नसतं हो, प्रत्येकाची कुवत असते, हीरो व्हायला चेहरा लागतो, नशीब लागतं. २०१९ ला विजू खोटे गेले तेव्हा हेच, २०१७ ला रीमा लागू गेल्या तेव्हा हेच, २०१४ ला सदाशिव अमरापूरकर गेले तेव्हाही हेच वाचलंय मी. आणि दर वेळी मला वाटतं की दोन्ही बाजू एकाच चुकीच्या जागी उभ्या राहून भांडतायत, कारण दोघांनीही हे धरूनच ठेवलंय की हीरो झाला तो पोचला आणि बाकीचे रस्त्यात राहिले. माझं म्हणणं सरळ आहे. चरित्र अभिनेत्याचं, म्हणजे नायक सोडून बाकीच्या भूमिका करणाऱ्या नटाचं, करिअर हे फसलेल्या हीरोचं करिअर नसतं, ते वेगळं आणि पूर्ण काम आहे. त्याच्यावर अन्याय होतो, नक्की होतो, पण तो भूमिका छोटी मिळण्यात कमी आणि पैसे, कामाचे तास, नाव आणि रॉयल्टी (काम परत परत दाखवलं की मिळायचा हिस्सा) यांत जास्त आहे, आणि त्याबद्दल आपण चकार शब्द काढत नाही.

पोतदारांचंच घ्या. जबलपूरचा जन्म, आधी प्राध्यापकी, मग सैन्यात, तिथून १९६७ ला कॅप्टन म्हणून बाहेर पडले, मग इंडियन ऑइलमध्ये जवळजवळ पंचवीस वर्षं नोकरी आणि १९९२ ला रीतसर रिटायर. सिनेमात आले तेव्हा चाळिशी ओलांडलेली होती, आणि ते सुद्धा नोकरी सांभाळून. ‘अर्धसत्य’, ‘तेजाब’, ‘परिंदा’, ‘रंगीला’, ‘वास्तव’ असं करत करत सव्वाशेच्या आसपास सिनेमे, शिवाय मालिका, नाटकं, जाहिराती, आणि पंच्याऐंशी पार केल्यावर २०२० मध्ये ‘माझा होशील ना’ मधले अप्पा, ज्यांच्यासाठी आमच्या घरात जेवणाची वेळ बदलली होती. आता मला सांगा, हा माणूस कशाची वाट बघत होता? कुठल्या मेन रोलची? ज्या वयात लोक पेन्शनची कागदपत्रं जमवतात त्या वयात तो नव्या माणसांबरोबर नवे संवाद पाठ करत होता. याला ‘वाया गेला’ म्हणणारा माणूस त्याच्या चाळीस वर्षांच्या कामाकडे बघतच नाहीये, तो फक्त पोस्टरकडे बघतोय.

हे काम नक्की काय असतं ते आपण कधी नीट बघत नाही म्हणून असं होतं. ‘शोले’ सगळ्यांना पाठ आहे तर त्याच्यावरच बोलू. गब्बर पहिल्यांदा येतो तो प्रसंग. तीन माणसं हात हलवत परत आलीयत, आणि विजू खोटेंचा कालिया उभा आहे. तुम्ही पुढच्या वेळी फक्त कालियाकडे बघा. घाम, गिळलेला आवंढा, ‘सरदार, मैंने आपका नमक खाया है’ म्हणताना आवाजात आलेली ती अजिजी, आणि मग गोळी सुटत नाही, गब्बर हसायला लागतो तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर आधी विश्वास बसत नाही, मग सुटल्याचं हसू फुटतं, आणि ते हसू खरं वाटतं म्हणून पुढच्या गोळ्या आपल्याला लागतात. अमजद खान तेव्हा प्रेक्षकांसाठी नवाच होता, तो भयंकर आहे हे आपल्याला कोण पटवून देतं? जो त्याला घाबरतो तो. एकटा माणूस कितीही ओरडला तरी भीती दिसत नाही, भीती दिसते समोरच्याच्या डोळ्यांत. सव्वातीन तासांच्या सिनेमात कालिया काही मिनिटं आहे, पण ती काढून टाकली तर गब्बर उरतो का? आणि हे आजचं नाही. ‘एकच प्याला’ १९१९ चं नाटक, त्यातला सुधाकर म्हणजे नायक, पण तळीराम काढून ते नाटक उभं करून दाखवा. गडकऱ्यांना कळत होतं की दारूचं दुःख दाखवायला सुधाकर लागतो आणि दारूची चटक दाखवायला तळीराम. शंभर वर्षं होऊन गेली, ज्यांनी नाटक पाहिलेलं नाही त्यांनाही तळीराम हे नाव माहीत असतं.

आता ‘वाया घालवला’ म्हणणाऱ्या बाजूचं जे खरं आहे ते मान्य करतो, आणि ते थोडंथोडकं नाही. रीमा लागूंचं बघा. ‘मैंने प्यार किया’ आला १९८९ च्या डिसेंबरात, त्यात त्या सलमानच्या आई, तेव्हा त्या एकतिशीच्या आणि सलमान चोवीसचा. १९९९ च्या ‘वास्तव’मध्ये त्या संजय दत्तच्या आई, आणि दोघांच्या वयात अंतर किती, तर जेमतेम एक वर्षाचं. हे काही कलेची निवड म्हणून झालं नाही, बाईला तिशीत आई करून टाकायचं आणि पुरुषाने पन्नाशीतही कॉलेजात जायचं हा सरळ सरळ भेदभाव आहे. तसंच निळूभाऊ फुलेंचं. पुण्यात लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला, सेवादलात वाढलेला, अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात स्वतःला झोकून देणारा माणूस, आणि पडद्यावर मात्र वर्षानुवर्षं तोच पाटील, तोच सरपंच, तीच बाईकडे बघायची नजर, इतकी की गावोगावी बायका त्यांच्या नावाने बोटं मोडायच्या. आणि हिंदीत तर मराठी माणूस म्हटलं की हवालदार नाहीतर कामवाली हे किती वर्षं चाललं हे सांगायला नको. कोणाचा रंग, कोणाची बोली, कोणाचं आडनाव नायकाला चालतं हे आधीच ठरलेलं असतं, आणि जे त्यात बसत नाहीत त्यांना ‘तुम्ही कॅरेक्टर रोलला एकदम परफेक्ट आहात’ असं गोड बोलून बाजूला काढलं जातं. हे सगळं मान्य, आणि याचा राग मलाही येतो.

पण त्यातून निष्कर्ष काय काढायचा? लोक म्हणतात निळूभाऊंना ‘सिंहासन’मधला दिगू टिपणीस मिळाला तेव्हा कळलं ना त्यांची ताकद काय होती, मग हीरो का नाही केलं? अहो, पण दिगू हा हीरो कुठे आहे? तो वार्ताहर आहे, खुर्चीच्या खेळाच्या कडेला उभा राहून सगळं बघणारा, आणि बघून बघून शेवटी डोकं फिरलेला. ती चरित्र भूमिकाच आहे, फक्त नीट लिहिलेली आहे. म्हणजे उदाहरण त्यांच्या बाजूने नाही, माझ्या बाजूने आहे. हवं ते प्रमोशन नाही, हवं ते लेखन आहे. रीमाताईंना ‘वास्तव’मध्ये नायिका करायची गरज नव्हती, पोराला स्वतःच्या हाताने गोळी घालणारी ती आई कोणत्या नायिकेच्या भूमिकेपेक्षा कमी होती सांगा. आणि ललिता पवारांचं काय म्हणायचं? मूकपटांपासून नायिका म्हणून कामं करणारी बाई, १९४२ मध्ये शूटिंगला भगवानदादांची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला लकवा, डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेचं करिअर तिथेच संपलं. पण ‘अनाडी’मधली मिसेस डिसा, त्यासाठीचं फिल्मफेअर, आणि १९८७ ला रामायणातली मंथरा, हे सगळं त्यानंतरचं आहे. मला यात ‘संकटातून संधी’ वगैरे काही म्हणायचं नाही, तो कामाच्या ठिकाणी झालेला अपघात होता आणि तसंच त्याच्याकडे बघायला पाहिजे. म्हणायचं एवढंच की आज आपल्याला ती कोण म्हणून आठवते? ज्याला आपण ‘उरलेलं करिअर’ म्हणू ते खरं करिअर ठरलं.

आणि मुख्य हिशोब तर सेटवरचा आहे. एका सिनेमात किंवा मालिकेत हीरो एक, हिरॉईन एक, आणि भोवती वीस बोलणारी माणसं. त्या वीसांतल्या एकाला तुम्ही हीरो केलंत तर तुम्ही एकाला बाहेर काढलंत, एकोणीस तिथेच आहेत. ओटीटीवाले हाच मुद्दा फार अभिमानाने सांगतात की आता काळ बदलला, पंकज त्रिपाठी बघा, जयदीप अहलावत बघा, चरित्र अभिनेतेच हीरो झालेत. झालेत, छान झालं, आनंदच आहे. पण त्यांच्या मागे फ्रेममध्ये जी माणसं उभी आहेत त्यांचं काय बदललं? ते कोण विचारणार?

आमच्या सोसायटीत तिसऱ्या मजल्यावर एक काका राहतात, बँकेतून रिटायर झाल्यावर मालिकांतून कामं करतात, कधी वकील, कधी मुलीचे मामा, कधी गावचे गुरुजी. आयुष्यभर हौशी नाटकं केलेला माणूस. त्यांच्याकडे एक खिशात मावणारी डायरी आहे, दरवर्षी नवी, त्यात तारीख, मालिकेचं नाव, किती सीन, किती वाजता कॉल, किती वाजता पॅकअप, ठरलेले पैसे, आणि शेवटच्या रकान्यात पैसे आले की बरोबरची खूण. मी ती डायरी हातात घेऊन बघितलीय. खुणा फार मागे राहिलेल्या असतात. टीव्हीत पद्धतच अशी की काम आज केलंत तर पैसे नव्वद दिवसांनी, आणि ते सुद्धा सगळं सुरळीत असलं तर. कॉल सकाळी सातचा, घोडबंदर रोडला नाहीतर पार मढला, सोबत घरचेच तीन जोड कपडे न्यायचे, पांढरा नको, बारीक चेक्स नको कारण कॅमेऱ्यात ते हलल्यासारखे दिसतात, आणि सीन लागतो रात्री नऊला. आधी लीडचा, म्हणजे मुख्य भूमिकेतल्या मुलीचा, क्लोज (चेहऱ्याचा शॉट) घेतात, तेव्हा काका कॅमेऱ्याच्या बाजूला उभे राहून पूर्ण जीव ओतून क्यू देतात, म्हणजे आपली वाक्यं म्हणतात. मग लीडची गाडी निघते, आणि काकांचा क्लोज घेताना समोर असिस्टंट असतो, कागदात बघून सपाट आवाजात मुलीची वाक्यं वाचणारा, आणि त्या आवाजाकडे बघून काकांनी डोळ्यांत पाणी आणायचं. आणतात. मी तो एपिसोड पाहिलाय, कोणाला शंकाही येणार नाही. मी एकदा विचारलं, “काका, रोल एवढाच असतो याचं वाईट नाही वाटत?” तर म्हणाले, “अरे रोलचं काय घेऊन बसलायस, मार्चचे अजून आले नाहीत. नाटकाला बरं होतं, प्रयोग संपला की नाईटचं पाकीट हातात.” मला त्या दिवशी हा सगळा वाद उलगडला. आपण त्यांच्यासाठी ज्या गोष्टीचं दुःख करतोय ती त्यांच्या यादीतच नाही.

हे असंच चालतं, धंदाच तसा आहे, असं म्हणणाऱ्यांना थोडा इतिहास सांगावासा वाटतो. नाटक मंडळ्यांच्या काळात कंपनीतल्या नटाला पगार होता, राहायची जेवायची सोय कंपनीची होती. मग प्रभातसारख्या स्टुडिओंमध्ये कलाकार महिना पगारावर असत. ते सगळं सोन्याचं होतं असं मी म्हणत नाही, करारात माणूस बांधला जायचा, १९३९ मध्ये शांता आपटेंसारखी मोठी कलावंत करारावरून प्रभातच्या दारात उपोषणाला बसली होती, पुण्यात आज जिथे एफटीआयआय ही सिनेमा शिकवणारी संस्था आहे त्याच जागी. पण महिन्याच्या महिन्याला पैसे येणार हे माहीत होतं. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सिनेमात बाहेरचा पैसा, त्यातही काळा पैसा घुसला, स्टार स्टुडिओ सोडून मोठ्या रकमेवर सुटे काम करायला लागले आणि स्टुडिओ कोसळले. स्टारचं त्यात भलं झालं. बाकीच्यांचा पगार गेला आणि हातात राहिला तो पर-डे, काम केलं त्या दिवसापुरता पैसा. म्हणजे ही देवाने घालून दिलेली व्यवस्था नाही, ती माणसांनी केली आणि ऐंशी वर्षं चालू ठेवली.

नावाचंही तसंच. आपल्याकडे राष्ट्रीय पुरस्कारांत अभिनयासाठी बक्षीस १९६७ च्या सिनेमांपासून सुरू झालं, पण सहाय्यक अभिनेत्याचा आणि अभिनेत्रीचा पुरस्कार यायला १९८४ उजाडलं. रोहिणी हट्टंगडींना ‘पार्टी’साठी मिळाला तो त्यातला पहिला. त्याच्या आदल्याच वर्षीचा ‘अर्धसत्य’ आठवा. ओम पुरींना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, एकदम योग्य. पण ज्याच्यासमोर तो इन्स्पेक्टर वेलणकर आतून तुटत जातो तो रामा शेट्टी, आवाज न चढवता अंगावर काटा आणणारे अमरापूरकर, त्यांना द्यायला सरकारकडे रकानाच नव्हता. फिल्मफेअरने दिलं, पण तेही त्यांच्याकडे १९५५ पासून सोय होती म्हणून. तिकडे हॉलीवूडमध्ये १९३७ ला सहाय्यक कलाकारांचं ऑस्कर सुरू झालं, तर पहिली सात वर्षं त्यांना ती बाहुली देतच नव्हते, एक पाटी द्यायचे. हॅटी मॅकडॅनियल ही ऑस्कर मिळवणारी पहिली कृष्णवर्णीय कलाकार, तिच्या हातातही पाटीच. मग ते बदललं. आणि आज आपण काय करतो? मालिकेचं टायटल सुरू झालं की ‘स्किप’, आणि चॅनलही नावं अशी पळवतं की वाचता येत नाहीत.

इथे एक जण नक्की म्हणणार की पैसा बाजार ठरवतो, प्रेक्षक हीरोसाठी येतो म्हणून हीरोला कोटी आणि बाकीच्यांना हजार. मान्य. हीरोला जास्त मिळावं याला माझी काही हरकत नाही, सगळ्यांना सारखं द्या असं कोणीच मागत नाहीये. पण ठरलेले हजार तीस दिवसांत देणं यात बाजाराचा काय संबंध? बारा तासांनंतर घरी सोडणं यात स्टारपण कुठे आडवं येतं? आणि ‘प्रेक्षक हीरोसाठी येतो’ हेही पहिल्या दिवसापुरतं खरं आहे. ‘अशी ही बनवा बनवी’ १९८८ चा, आजही रविवारी लागला की घरं बसतात, आणि ती तिसाव्यांदा बघणारी माणसं कोणासाठी बघतात? सुधीर जोशींच्या त्या घरमालकासाठी, विजू खोटेंनी केलेल्या बळी या पात्रासाठी, प्रत्येक छोट्या वाक्यासाठी. हीरो पहिल्यांदा तिकीट काढायला लावतो, परत परत बघायला लावतात ते बाकीचे. आणि नेमकं त्या परत परत बघण्याचं त्यांना काही मिळत नाही, कारण आपल्याकडे चाल एकरकमीची, एकदा पैसे घेतले की विषय संपला, मग तो सिनेमा पन्नास वर्षं चालू दे, ॲपवर जाऊ दे, तुमच्या चेहऱ्याचे स्टिकर होऊ दे.

अमेरिकेत १९६० मध्ये नट संपावर गेले तेव्हा टीव्हीवर सिनेमा दाखवला तर आम्हाला हिस्सा पाहिजे ही मागणी होती, आणि पुढच्या सिनेमांसाठी तो मिळाला. २०२३ मध्ये परत ११८ दिवस संप झाला, तेव्हा मोठा प्रश्न होता स्ट्रीमिंगचा. त्या संपात कॅमेऱ्यासमोर मोठे स्टार दिसले, पण लढाई होती ती महिन्याला तीन दिवस काम मिळणाऱ्या माणसांची. आपल्याकडे २०१२ च्या कॉपीराइट कायद्यातल्या दुरुस्तीत कलाकाराला त्याच्या कामाच्या व्यावसायिक वापरावर रॉयल्टीचा हक्क असल्याचं लिहिलंय. गीतकार, संगीतकार, गायक त्यावर भांडले, संस्था उभ्या केल्या, पैसे यायला लागले. नटांच्या बाबतीत ते कागदावर राहिलं. का राहिलं? कारण ज्याचं नाव मोठं त्याला गरज नाही आणि ज्याला गरज आहे त्याने तोंड उघडलं तर पुढच्या महिन्यात त्याचा ट्रॅक संपतो, मामा अचानक गावाला जातात. अशा वेळी बाहेरून आवाज यायला पाहिजे, प्रेक्षकांकडून, आणि आपण तिकडे ‘याला हीरो का नाही केला’ यावर रात्र जागवतोय.

ए. के. हंगल आठवतात ना? ‘इतना सन्नाटा क्यों है भाई’. पन्नाशीच्या आसपास सिनेमात आलेला माणूस, शेकडो सिनेमे, आणि २०११ मध्ये औषधपाण्याला पैसे नाहीत अशी बातमी आली. मग मदतीचा ओघ सुरू झाला, लोकांनी चांगुलपणाने केलं, मी त्यांना नावं ठेवत नाही. पण ज्याच्या आवाजाशिवाय ‘शोले’चा अर्धा जीव जातो, आणि जो सिनेमा तोपर्यंत छत्तीस वर्षं कमावत होता, त्याला देणगी का लागावी? तो त्याचा हिस्सा असायला हवा होता, दर वर्षी, न मागता, घरी येणारा. राज्य सरकार वृद्ध कलावंतांना महिना पाच हजार मानधन देतं, चांगलंच आहे, पण मानधन हा आधार आहे, कमाई नाही, आणि इथे माणसाने कमावलेलंच त्याला मिळत नाहीये.

म्हणून कलाकारांच्या संघटनांच्या, नाट्य परिषदेच्या, चित्रपट महामंडळाच्या निवडणुका लागतात तेव्हा मतदार असलेल्या प्रत्येक कलावंताने आणि त्या बातम्या वाचणाऱ्या आपण सगळ्यांनी उमेदवाराला तीनच गोष्टी विचाराव्यात असं मला वाटतं. नव्वद दिवसांचे तीस कधी करणार, छोट्या भूमिकेला लेखी करार आणि त्यात रॉयल्टीचं कलम कधी घालणार, आणि बारा तासांच्या वर थांबवलं तर जास्तीचे पैसे कोण देणार. काकांचा उद्या परत सातचा कॉल आहे, या वेळी न्यायाधीश आहेत म्हणे, आठ सीन आहेत एका दिवसात.